छपरीला खिडकी

त्या रविवारी सकाळी राखी घरात बारावीच्या सराव परीक्षेचे पेपर तपासत बसली होती आणि बाहेर अंगणात तिचे वडील निवृत्ती रंधा मारत होते. रंध्याची खर्रखर्र मधेच थांबायची, मग मोबाईलमधून कोणा अनोळखी माणसाचा आवाज यायचा, "अब आप इसको ऐसे पकडिए," आणि पुन्हा खर्रखर्र सुरू.

"असंच पकडतो बापा, पन तिसरा हात कुठून आनू?" बाबा मोबाईललाच विचारत होते.

उंद्री गावात हा सगळ्यांच्या करमणुकीचा विषय झाला होता. गुडघे बोलायला लागल्यावर निवृत्तींनी शेत मक्त्यानं दिलं, बैलजोडी विकली आणि रिकामा गोठा उतरवला. गोठ्याचं लाकूड सागवानी, धुरानं नि वर्षांनी काळं पडलेलं; खांबांवर दाव्याच्या दोरांनी घासून घासून गुळगुळीत वळ उमटलेले. दुसरा कोणी ते लाकूड विकून मोकळा झाला असता. यांनी ते घरापुढं रचलं आणि सांगून टाकलं, की स्लॅबच्या घराला आपण स्वतःच्या हातानं लाकडाची छपरी काढणार. कुऱ्हाडीला दांडा बसवण्यापलीकडं त्या हातांनी सुतारकी कधी केली नव्हती.

गावातले मिस्त्री जब्बारचाचा हे बाबांचे लहानपणापासूनचे सोबती. ते रोज चहाच्या वेळेला "नुसतं पाहाले" यायचे.

"निवृत्ती, हा खांब उभा हाय, का येनाऱ्या-जानाऱ्याले रामराम घालून राह्यला?"

"तू चहा पे न् गप बस."

"मोबाईल पाहून सुतारकी आली असती, तं माह्या बापानं लहानपनी माही बोटं काऊन कापू देल्ली असती रे?"

"तुह्या बापाजवळ मोबाईल नव्हता, म्हून."

जब्बारचाचा मदतीला हात पुढं करायचे, तर बाबा तो हात बाजूला सारायचे. हे काम माझं एकट्याचं, म्हणायचे. कोणी विचारलं, एवढा खटाटोप कशाला, तर उत्तर ठरलेलं होतं: "जावई आले तं बसाले जागा पायजे ना!"

हे उत्तर राखीच्या कानावर पडलं, की तिच्या हातातलं काम क्षणभर थांबायचं.

बाबांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं, तेव्हा ती धामणगाव बढ्याहून, सासरहून, आली होती. बाबांचा डोळा लवकरच लख्ख झाला. राखी परत गेली नाही. चिखलीच्या कॉलेजात तिला शिकवायचं काम मिळालं, आणि बाबा गावाला सांगू लागले, "उंद्रीहून चिखली जवळ पडते. सोयीचं हाय." तिला मात्र त्यांनी एका शब्दानं काही विचारलं नाही. तिनंही सांगितलं नाही. घरात दोघंच. आई ती शाळेत असतानाच गेलेली. दोघं जेवायची, बातम्या ऐकायची, ती पुस्तक घेऊन बसायची आणि ते समोर बसून अडकित्त्यानं सुपारी कातरायचे. तो एक विषय मात्र दोघंही उंबऱ्यासारखा ओलांडून जायची, पाय न लावता.

"राखे! खुर्ची घेऊन बाहेर ये बरं."

"पेपर तपासून राह्यली, बाबा."

"पेपर कुठी पळून जात नाही. ये."

ती वैतागून खुर्ची घेऊन आली. घराच्या पुढ्यात खांब उभे झाले होते, वर आडवी नाटं चढली होती, छत अजून व्हायचं होतं. बाबांनी तिला खांबांच्या मधे बसवलं. बांबूची काठी तिच्या शेजारी उभी धरली, तिच्या कोपराशी बोट नेलं आणि कानामागची पेन्सिल काढून काठीवर खूण केली.

"हे काय?"

"वारा लागते का पाहून राह्यलो."

"काठीले?"

ते हसले. मग खांबाकडं पाहत, उगाच विचारावं तसं त्यांनी विचारलं, "समज, खिडकी काढली. तं तुले कोनीकडं पायजे? उगवतीकडं का मावळतीकडं?"

"छपरीले कुठं खिडकी असते का बाबा? ती तिन्ही अंगानं उघडीच."

"हाव. ते बी खरंच." त्यांनी पेन्सिल पुन्हा कानामागं खोचली. "असंच इचारलं."

राखी आत गेली. दुपारी दोघांनी भरीत नि कळण्याची भाकर खाल्ली. भरीत तिखट झालं होतं आणि बाबांनी ते दोनदा मागून घेतलं. संध्याकाळी जब्बारचाचा येऊन नवीन काहीतरी टोमणा मारून गेले. तो दिवस असा होता, की नंतर आठवायला बसलं तरी त्यात धरायला काही सापडू नये.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा गाळून ती हाका मारत खाटेपाशी गेली. पेन्सिल बाबांच्या कानामागून घसरून उशीवर पडली होती. बाबा झोपेतच गेले होते.

*

दहाव्याला नदीवर पिंड ठेवला, तर कावळा शिवेना. झाडावर कावळे होते, खाली उतरत नव्हते. उन्हं चढली. पुरुष माणसं खाकरली, घड्याळं पाहू लागली. कोणी म्हणालं, शेताची काळजी असेल, नातेवाइकांनी हात जोडून शब्द दिला की शेत विकणार नाही. कोणी म्हणालं, छपरी अर्धी राहिली, ती पुरी करू म्हणा. तसंही म्हणून झालं.

मग बेबीताई पुढं झाली. निवृत्तींची ही धाकटी बहीण, राखीची आत्या. तोंडानं फटकळ आणि आतून लोण्याची. राखीची आई गेल्यावर वेणी घालायला तीच यायची. तिनं पदर पसरला आणि रडत मोठ्यानं म्हणाली, "दादा, तुह्या पोरीले मी सोता सासरी पोचवते. तिचा संसार उभा करून देते. आता नको अडकू रे!"

आणि कावळा उतरला.

सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. बायकांनी डोळे पुसले. "पोरीतच जीव होता," असं जो तो म्हणाला. राखी नदीच्या वाळूत उभी होती. आयुष्यभर तिनं पुस्तकं वाचली होती. कावळा भुकेनं खाली येतो, हे तिला कळत होतं. पण खांबांच्या मधे बसवून वारा पाहणारा बाप डोळ्यांसमोर आला आणि तिला वाटलं, खरंच याचा जीव तिथंच अडकला असेल तर? जावयाला बसायला जागा पाहिजे, असंच तर म्हणत होता.

तेरवी झाली. पुढं आखाजी होती, अक्षय्य तृतीया, पितरांच्या नावानं घागर भरायचा सण. आत्या जाताना तिच्या डोक्यावर हात ठेवून बोलली, "आता लगेच जा म्हनत नाही. आखाजी होऊ दे. दादाची पहिली घागर भरू. आखाजीले पोरी माहेरी येतात, अन् आखाजी झाली का सासरी जातात. तूबी तशीच जा. लोकाइले काई दिसत नाही, सांगाव लागत नाही. मी ज्ञानेश्वररावाले फोन करते."

ज्ञानेश्वर म्हणजे राखीचा नवरा.

"आत्या, मी..."

"म्या शब्द देल्ला हाय, राखे. मेलेल्या मानसाले देल्ला हाय. जित्याले देल्ला असता तं फिरवता आला असता."

दुसऱ्या दिवशी ती जब्बारचाचांच्या दुकानी गेली.

"चाचा, छपरी पुरी करून द्या. बाबांची घागर छपरीत भरायची आहे."

चाचांनी हातातली पटाशी खाली ठेवली. "त्यानं मले जितेपनी हात लावू देल्ला नाही बेटा. आता लावू म्हन्ते?"

"आता मी सांगते ना."

"हाव." थोडा वेळ त्यांनी दाढी कुरवाळली. "म्या त्याले लय बोल्लो व. रामराम घालून राह्यला म्हने खांब."

"त्यांना आवडायचं ते."

"आवडायचं तं आवडायचं. पन खांब खरंच घालून राह्यला रामराम."

*

चाचा कॉलेज सुटायच्या वेळेपर्यंत एकटे काम करायचे. राखी स्कूटीवरून आली, की ती पाट्या धरायला, खिळे द्यायला लागायची. हळूहळू वासे चढले. गोठ्याची जुनी कवेलू, म्हणजे कौलं, धुऊन रचली गेली. चाचा बाबांचाच रंधा वापरत होते आणि सारखं त्यांच्याशीच भांडत होते. "पाहा, पाहा. हा सांधा हाय का उंदराचं बीळ? मोबाईलवाल्यानं हे नाही सांगतलं तुले?" पण तो सांधा मोडून त्यांनी नवा केला नाही. आतून एक पाचर मारली आणि वरून हात फिरवला.

एके दिवशी राखी आली, तर चाचा लाकडाचा भुसा सरसात कालवून एका खांबात भरत होते.

"हे काय करताय?"

"पडदा टाकून राह्यलो निवृत्तीच्या कारागिरीवर." त्यांनी बोट दाखवलं. "हे पाह्यलं का? चांगल्या सागवानाच्या खांबाले वरून खालपर्यंत खाच पाडून ठेवली. एकाले नाही, सगळ्याइले. काय झालं असन, मोबाईलमधी दुसरंच काही पाह्यलं असन. लोकं आखाजीले येतीन, हासतीन. बुजवून टाकतो. सुकलं का समजत बी नाही."

राखीनं शेजारच्या खांबाला हात लावला. बाहेरून लाकूड काळं होतं आणि खाचेच्या आत पिवळंधमक, नवं. बोटभर रुंद खाच. बाबांचे खांब तिरपे होते, सांधे उंदराच्या बिळासारखे होते, पण ही खाच दोरी लावावी तशी सरळ होती. चुकून झालेली नव्हती. फार जपून, फार दिवस लावून केलेली होती.

"तुम्ही विचारलं नाही त्यांना?"

"इचारलं ना. म्हने, एका मानसाले इचारायचं हाय. ते हो म्हनलं, का मग तुले सांगतो."

"कोणाला?"

"नाव नाही घेतलं. म्या म्हटलं असन कोनी मोबाईलवाला." चाचा दर्शनी बाजूकडं वळले. "अन् हे पाहा. दोन खांब पुरे होते, तं त्यानं मधात हा तिसरा रोवला, तोबी एका अंगाले सरकून. म्या म्हटलं, छपरीत शिरतानी मानसानं टाळकं आपटाव म्हून रोवला काय बे? तं हासून राह्यला नुसता."

राखी तिसऱ्या खांबापाशी उभी राहिली. खांबाच्या एका बाजूला रुंद मोकळी जागा होती. दुसऱ्या बाजूला अरुंद, माणूस सहज जाईल एवढी. रुंद जागेच्या दोन्ही खांबांना समोरासमोर खाचा होत्या. अरुंद जागेकडच्या अंगाला नव्हत्या.

भिंतीशी बाबांनी गव्हाणीच्या जुन्या पाट्या रंधून रचून ठेवल्या होत्या. छताला त्या लागल्या नव्हत्या. चाचा म्हणाले होते, लय पातळ आहेत, बंबात जाळ. राखीनं त्यातली एक उचलली. तिची टोकं बारीक छिललेली होती. एक टोक तिनं एका खांबाच्या खाचेत धरलं.

"चाचा, ते टोक धरा."

त्यांनी धरलं. पाटी दोन्ही खाचांमधून सरसर खाली गेली आणि जमिनीशी टेकली. कुठं अडली नाही, कुठं हलली नाही. जब्बारचाचा वाकून पाहतच राहिले. मग त्यांनी दुसरी पाटी आणली. तीही पहिलीवर जाऊन बसली.

"भिंत," ते म्हणाले. "हा येडा छपरी नव्हता बांधून राह्यला."

"खोली," राखी म्हणाली. "हे दार. रस्त्याकडून सरळ येता येईल, घरातून जावं लागणार नाही असं."

उगवतीकडच्या खांबावर पेन्सिलीची एक बारीक रेघ होती. ती घाईनं मावळतीकडच्या खांबापाशी गेली. तिथंही तशीच रेघ, त्याच उंचीला. तिनं घरातून खुर्ची आणली, उगवतीकडच्या खांबाशेजारी ठेवली आणि बसली. कोपर उचललं. रेघ बरोबर कोपराशी आली. खिडकीत कोपर टेकून पुस्तक वाचणाऱ्या माणसाला जेवढी उंची लागते, तेवढी.

चाचांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. कडुलिंबावरून एक एक पिवळं पान अंगणात पडत होतं.

"मंग त्यानं इचारलं का त्या मानसाले?" चाचांनी हळूच विचारलं.

"विचारलं."

"काय म्हने?"

"त्या माणसाला प्रश्नच कळला नाही, चाचा."

ते उठले. पटाशी घेतली आणि मघाशी भरलेली खाच उकरायला लागले. "सुकायच्या आंधी काढतो," पाठमोऱ्यानंच ते म्हणाले. "तुह्या मायची कटकट, निवृत्ती. मले सांगतलं असतं तं म्या काय गावात दवंडी देल्ली असती?" आणि जरा वेळानं, "देल्ली असती म्हना."

*

आखाजीच्या आदल्या दिवशी ज्ञानेश्वरचा फोन आला.

"आत्यांनी उद्या संध्याकाळी गाडी घेऊन ये म्हटलंय. येऊ?"

तो वाईट माणूस नव्हता. त्यानं कधी आवाज चढवला नाही, हात तर उचललाच नाही. पण त्या घरात तिनं काहीही म्हटलं, की उत्तर यायचं, "बरं." मला बरं नाही, बरं. मला शिकवायला जावंसं वाटतं, बरं. आणि पुढं काहीच व्हायचं नाही. ती तिथं असणं आणि नसणं यांत एका ताटाचा फरक होता. असल्या दुःखाला नाव नसतं. नाव नसलेलं दुःख बापाला कसं सांगायचं, हे तिला कधी सुचलं नव्हतं.

"उद्या दुपारी फोन करून सांगते," ती म्हणाली.

"बरं."

तिला त्याच वेळी सांगता आलं असतं. पण ज्याला आधी सांगायचं होतं, त्याला अजून सांगितलेलं नव्हतं.

आखाजीला सकाळपासून घर माणसांनी भरलं. आत्यानं पुरण शिजवलं, कुरडया तळल्या, आंब्याचा रस काढला. छपरीत शेणानं सारवलेल्या चौकोनावर गहू पसरून मातीची घागर ठेवली, वर खरबूज ठेवलं. मावळतीच्या आणि दर्शनी बाजूच्या भिंती चढल्या होत्या. आलेली माणसं आत-बाहेर करत होती.

"छपरी म्हनत होता ना निवृत्ती? हे तं खोलीवानी दिसते."

"जावयासाठी केली असन बापा! पाव्हन्याले सोताची खोली," आत्या कौतुकानं सांगत होती. "दादाचं समदं मोठंच."

जब्बारचाचा उंबऱ्याजवळ शिरखुर्म्याचा डबा मांडीवर घेऊन बसले होते. त्यांच्या बायकोनं, चांदबीचाचींनी, तो खास निवृत्तींसाठी पाठवला होता. दर ईदेला पाठवायच्या तसा. चाचांनी राखीकडं पाहिलं आणि नजर खाली वळवली. उगवतीची बाजू तेवढी उघडी होती. तिथल्या पाट्या कोपराच्या रेघेपर्यंत रचायच्या की वरपर्यंत, हे त्यांनी तिच्यावर सोडलं होतं.

घागरीची पूजा राखीनं केली. केळीच्या पानावर नैवेद्य वाढून कवेलूंवर ठेवला. सगळे अंगणात येऊन वर पाहू लागले. लिंबाच्या फांदीवर कावळा होता. मान वाकडी करून तो पानाकडं पाहत होता, आणि येत नव्हता.

"काव, काव," पोरांनी हाका मारल्या.

कावळा फांदीवर दोन पावलं सरकला, बसून राहिला. आत्याचा चेहरा उतरला. तिनं पदर खांद्यावरून घेतला, दोन्ही हातांनी पसरला आणि छपरीकडं तोंड केलं.

"दादा, म्या देल्लेला शब्द..."

"आत्या, थांब." राखीनं तिचे पसरलेले हात हलकेच खाली केले. "हे माझं आहे. मी बोलते."

राखी छपरीत गेली. उगवतीच्या उघड्या बाजूला, पेन्सिलीच्या रेघेवर तळवा ठेवून ती घागरीसमोर उभी राहिली. बाहेर सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात, वर्गात बोलते त्या भाषेत नाही, बाबांशी बोलायची त्या भाषेत ती म्हणाली,

"बाबा, मी धामनगावले परत जानार नाही. मले तिथं करमत नव्हतं. मी इथंच राहीन." तिनं रेघेवरून बोट फिरवलं. "खिडकी उगवतीकडं पायजे."